चरित्र अभिनेत्याचं पोट कशावर चालतं?

‘वास्तव’मध्ये (१९९९) रीमा लागू संजय दत्तच्या आई झाल्या होत्या. रीमाताईंचा जन्म जून १९५८चा, संजय दत्तचा जुलै १९५९चा. आई मुलापेक्षा तेरा महिन्यांनी मोठी! तरीही शेवटी ती माउली पोटच्या पोराला गोळी घालते तेव्हा थिएटरात कुणी वयाचा हिशेब मांडत बसलं नाही. कारण दहा वर्षांपूर्वी ‘मैंने प्यार किया’त त्या सलमानच्या आई झाल्या होत्या आणि त्याच्या आदल्या वर्षी ‘कयामत से कयामत तक’मध्ये जुही चावलाच्या. प्रेक्षकाच्या डोक्यात त्यांची नोंद ‘आई’ अशीच झालेली होती. सलमानच्या आई झाल्या तेव्हा त्यांचं वय होतं एकतीस. त्या वयाच्या नायकाला आपल्याकडे कॉलेजच्या पहिल्या वर्षाला बिनदिक्कत प्रवेश मिळतो.

ही नोंद कशी होते, तिचा फायदा कुणाला मिळतो आणि तिची किंमत कोण मोजतं, एवढं कळलं की चरित्र अभिनेत्याचं करिअर बरंचसं कळतं. बाहेरून बघणाऱ्याला तो निव्वळ योगायोगांचा मामला वाटतो. आज बाप, उद्या न्यायाधीश, परवा घरमालक. जमलं असतं तर हा माणूस हिरो झाला असता, नाही जमलं म्हणून इथे आला, असाही एक समज असतो. काहींच्या बाबतीत तो खराही असेल. पण चरित्र अभिनय हा आपला आपला एक धंदा आहे. त्याचं गणित वेगळं, त्याची कसरत वेगळी आणि त्यातला बुडीत खर्चही वेगळा.

आधी सेटवरची उतरंड पाहू. सगळ्यात वर नायक-नायिका. त्यांच्याभोवती कथा फिरते आणि त्यांच्या नावावर पैसा उभा राहतो. सगळ्यात खाली ज्युनिअर आर्टिस्ट, म्हणजे लग्नातले वऱ्हाडी, कोर्टातली गर्दी, फलाटावरचे प्रवासी. ही माणसं रोजावर येतात आणि पडद्यावर त्यांना नाव नसतं. मधला जो मोठा पट्टा आहे तो कॅरेक्टर आर्टिस्टांचा, म्हणजेच चरित्र अभिनेत्यांचा. त्यांच्या पात्राला नाव असतं, संवाद असतात, टायटलमध्ये नाव येतं. हे टायटलमधलं नाव केवळ हौसेची गोष्ट नाही. २०१२मध्ये कॉपीराइट कायद्यात जी दुरुस्ती झाली तिच्यानुसार, ज्याचं काम अगदी किरकोळ आहे आणि धंद्याच्या रिवाजाप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत येत नाही, तो कायद्याच्या नजरेत जवळजवळ ‘कलाकार’ ठरतच नाही. म्हणजे पडद्यावर सरकत जाणाऱ्या त्या बारीक अक्षरांच्या यादीत असणं आणि नसणं यात बराच फरक पडतो, आणि आपण तेव्हा पार्किंगमधली गाडी काढायला निघालेलो असतो.

दोन मिनिटांचा हिशेब

नायकाची ओळख करून द्यायला चित्रपटाकडे भरपूर वेळ असतो. त्याचं बालपण दाखवता येतं, त्याचं पहिलं गाणं, त्याची मारामारी, त्याच्या आईचं शिलाई मशीन. इन्स्पेक्टरकडे हा वेळ नसतो. तो जीपमधून उतरतो आणि तीन सेकंदांत प्रेक्षकाला कळावं लागतं की हा माणूस सरळ आहे की विकला गेलेला. ते कळायला उशीर झाला तर पुढचा प्रसंग कोसळतो.

मग दिग्दर्शक काय करतो? ज्यानं आधीच्या वीस चित्रपटांत सरळमार्गी इन्स्पेक्टर रंगवलाय त्यालाच बोलावतो. त्या वीस चित्रपटांनी प्रेक्षकाच्या मनात जे काम करून ठेवलंय ते एकविसाव्याला फुकट मिळतं. जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलिसाची भूमिका केली आणि त्याची गिनीज बुकात नोंद झाली. आपण त्या आकड्याला हसतो. पण १४४ वेळा निर्मात्यांनी त्यांनाच बोलावलं यामागे आळस कमी आणि काटकसर जास्त होती. ते पडद्यावर आले की पोलीस आला हे समजावून सांगायला एक फूटही फिल्म खर्च होत नसे.

यालाच आपण साचा म्हणतो आणि नाक मुरडतो. माझ्या मते साचा हे चरित्र अभिनेत्याचं भांडवल असतं. प्रत्येक भूमिकेगणिक त्यात थोडी भर पडते आणि पुढचं काम त्याच जोरावर मिळतं. खोट दोन ठिकाणी आहे. एक म्हणजे हे भांडवल वाढवायचं तर तेच तेच करत राहावं लागतं, थोडं इकडेतिकडे सरकलं की आधीचं पुसट होतं. दुसरी खोट मोठी आहे. हे भांडवल साठतं प्रेक्षकाच्या डोक्यात. अभिनेत्याला ते विकता येत नाही, गहाण टाकता येत नाही, म्हातारपणासाठी बाजूला ठेवता येत नाही. ते वापरतो निर्माता.

इफ्तेखार यांचं बघा. करड्या केसांचा, भारदस्त आवाजाचा पोलीस अधिकारी म्हणून ते इतके पक्के बसले होते की ‘दीवार’मध्ये (१९७५) ते तस्करांचे म्होरके दावर म्हणून आले तेव्हा त्या गुन्हेगारालाही आपोआप एक खानदानी अदब आली. लेखकानं ती लिहिली असेलच, पण निम्मं काम आधीच्या वर्दीनं केलं होतं. साचा मोडतानाही साच्याचाच उपयोग होतो. ही गोष्ट पुढे पुन्हा येणार आहे.

ललिता पवार

या धंद्यातल्या जवळजवळ सगळ्या खाचाखोचा एकाच कारकिर्दीत बघायच्या असतील तर ललिता पवारांची बघावी. जन्म १९१६, येवल्याचा. मूळ नाव अंबा सगुण. मूकपटात लहान मुलीची कामं करत त्या आल्या, पुढे नायिका झाल्या, निर्मितीतही उतरल्या. १९४२मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवानदादांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. हात जोरात बसला. चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला, दीर्घकाळ उपचार चालले आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. नायिकेची कामं तिथे संपली.

संकटाचं त्यांनी सोनं केलं, असं यावर लिहायची पद्धत आहे. मला ते वाक्य फार गुळगुळीत वाटतं. सव्विसाव्या वर्षी चेहरा असा गेला तर त्या बाईला काय वाटलं असेल ते तिचं तिला ठाऊक. धंद्याच्या बाजूनं काय झालं ते मात्र सांगता येतं. क्लोजअपमध्ये किंचित मिटलेला डोळा संशयी दिसतो, कावेबाज दिसतो. कॅमेऱ्याला कारण विचारता येत नाही. नायिकेच्या चेहऱ्यात जे व्यंग ठरलं तेच खाष्ट सासूच्या चेहऱ्यात कामाचं ठरलं. ‘रामशास्त्री’त (१९४४) त्या आनंदीबाई झाल्या. व्ही. शांतारामांच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) सासू झाल्या आणि देशभरच्या सुनांनी त्यांना मनातल्या मनात शिव्या घातल्या. ‘दाग’मध्ये (१९५२) त्या दिलीपकुमारच्या आई होत्या. दिलीपकुमार त्यांच्याहून फक्त सहा वर्षांनी लहान.

आता १९५५ हे एकच वर्ष घ्या. ‘श्री ४२०’मध्ये त्या मुंबईच्या रस्त्यावर केळी विकणारी प्रेमळ बाई आहेत. ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये पुरुषांवर दात असलेली, मधुबालाला मुठीत ठेवणारी श्रीमंत आत्या सीतादेवी आहेत. केळेवालीचं लुगडं आणि सीतादेवीचा चष्मा यांत जेवढं अंतर आहे तेवढं एकाच वर्षात पार करण्याची वेळ त्या काळच्या नायिकांवर सहसा येत नसे. मोठा पगार मात्र नायिकांनाच.

पण खरी गंमत ‘अनाडी’त (१९५९) आहे. हृषिकेश मुखर्जींनी त्यांना मिसेस डिसा नावाची घरमालकीण केलं. भाड्यासाठी कटकट करणारी, तोंडाळ ख्रिश्चन बाई. प्रेक्षक जुन्या सवयीनं वाट बघत राहतो की आता ही छळणार. आणि ती भाडेकरू पोराला आईची माया लावते, आपण माया लावतोय हे त्याला कळू न देता. दुसऱ्या एखाद्या सोज्वळ चेहऱ्याच्या नटीनं ही भूमिका केली असती तर ती नुसती गोड झाली असती. इथे ती हलवते, कारण आपण आधी या बाईचा दुष्टपणा पंधरा वर्षं पाहिलेला आहे. या भूमिकेसाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. बारा वर्षांनी मुखर्जींनीच ‘आनंद’ (१९७१) केला. त्यात ललिता पवार दवाखान्यातल्या कडक मेट्रन आहेत, आणि त्या मेट्रनचं आडनाव? डिसा. दिग्दर्शक तोच, नटी तीच, आडनावही तेच. याला योगायोग मानायला मी तयार नाही. ‘अनाडी’ पाहिलेल्या प्रेक्षकाला ते आडनाव ऐकताच कळतं की या करड्या बाईच्या पोटात काय आहे. एका शब्दात पात्र उभं राहिलं.

१९८७मध्ये ‘रामायण’ मालिका सुरू झाली तेव्हा त्यांचं वय सत्तरीपार होतं आणि मंथरेसाठी दुसरं नाव सुचणंच शक्य नव्हतं. तो डोळा ४५ वर्षांनंतरही काम देत होता.

आणि भगवानदादा? ‘अलबेला’नं (१९५१) ते मोठे स्टार झाले. पुढचे चित्रपट पडले, घर गेलं, गाड्या गेल्या, दादरच्या चाळीत राहायला लागले. नंतरच्या कितीतरी चित्रपटांत ते दिसतात ते नाचणाऱ्या गर्दीत, आपली ती प्रसिद्ध संथ स्टेप करताना. काही सेकंद. म्हणजे तेही चरित्र कलाकारच झाले, पण त्यांच्यापाशी भांडवल होतं एका स्टेपचं. तिच्यातून पात्र उभं राहत नाही.

भाषा ओलांडली की भाव पडतो

मराठी नटांना आणखी एक घसारा सोसावा लागतो. मराठीत साठवलेलं भांडवल हिंदीत जसंच्या तसं वटत नाही. लक्ष्मीकांत बेर्डे इथे नायक होते, त्यांच्या नावावर गर्दी होत असे. ‘मैंने प्यार किया’त आणि ‘हम आपके हैं कौन’मध्ये (१९९४) ते घरगडी. अशोक सराफ मराठीतले सम्राट, ‘करण अर्जुन’मध्ये (१९९५) खलनायकाच्या पदरी असलेले मुनशी. दोघांनीही ती कामं झकास केली हा भाग वेगळा. मुंबईत बनणाऱ्या हिंदी चित्रपटानं मराठी माणसासाठी खुर्च्या ठरवून ठेवल्या होत्या: हवालदार, कामवाली बाई, घरगडी, आणि जरा बरं नशीब असेल तर राजकारणी. सदाशिव अमरापूरकरांनी ‘अर्धसत्य’मध्ये (१९८३) गुंड रामा शेट्टी उभा केला आणि या रांगेतून बाहेर उडी मारली. ‘सडक’मधल्या (१९९१) कुंटणखाना चालवणाऱ्या तृतीयपंथी महाराणीनं त्यांना दुसरं फिल्मफेअर मिळवून दिलं. पण ही उडी सगळ्यांना मिळाली नाही.

निळू फुलेंच्या बाबतीत हे फार स्पष्ट दिसतं. पुण्यात सैन्याच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम, राष्ट्र सेवा दलाचं कलापथक, मग लोकनाट्य आणि ‘एक गाव बारा भानगडी’तून (१९६८) चित्रपट. जब्बार पटेलांच्या ‘सामना’तला हिंदुराव धोंडे पाटील पाहा. साखर कारखाना, जमीन, पोलीस, सगळं खिशात असलेला माणूस. तो ओरडत नाही. आवाज जितका खाली जातो तितकी धास्ती वर चढते. पश्चिम महाराष्ट्रातल्या प्रेक्षकानं असा एक तरी हिंदुराव जवळून पाहिलेला होता, म्हणून साचा लगेच बसला आणि घट्ट बसला. पडद्याबाहेर आयुष्यभर समाजवादी चळवळीत वावरलेल्या या साध्या माणसाला बायका प्रत्यक्षात घाबरायच्या.

जब्बार पटेलांनीच पुढे ‘सिंहासन’मध्ये (१९७९) त्यांना पत्रकार दिगू टिपणीस केलं. ज्याच्या नुसत्या हजेरीनं कट शिजतोय असं वाटावं तो माणूस इथे दुसऱ्यांचे कट बघत हिंडतो आणि काहीच करू शकत नाही. मिसेस डिसांचीच युक्ती, उलट्या चवीची. हिंदीत मात्र ‘सारांश’ (१९८४) असो की इतर काही, त्यांच्या वाट्याला बहुतेक ओळखीचा गावगुंड किंवा पुढारीच आला. तिथल्या प्रेक्षकानं दिगू पाहिलेला नव्हता. त्याच्या डोक्यात ती नोंदच नव्हती.

न बोलता काय करायचं असतं

अभिनयाच्या अंगानं या कामात काय अवघड असतं, ते ए. के. हंगल यांच्या ‘शोले’तल्या (१९७५) एका प्रसंगावरून कळतं. गावात अहमदचं, म्हणजे आपल्या सचिनचं, प्रेत घोड्यावरून येतं. सगळं गाव गोळा होऊन गप्प उभं. आंधळे इमामसाहेब काठी टेकत येतात आणि इतकी शांतता का आहे असं विचारतात. मरण सगळ्यांना दिसतंय, फक्त बापाला दिसत नाही. नायक दोन्ही तिथेच उभे आहेत, पण प्रसंग त्यांचा नाही.

आता हंगलांकडे त्या क्षणापर्यंत किती जागा होती ते मोजा. तीन तासांहून लांब चित्रपटात अगदी मोजकी. पोराला नोकरीसाठी शहरात धाडण्याची बातचीत, काठी, नमाजाला जाणं. एवढ्या शिदोरीवर त्यांना असा बाप उभा करायचा होता ज्याचं दुःख पडद्यावरच्या बाकी सगळ्या गोळीबारापेक्षा मोठं वाटेल. नायकाचा आलेख असतो, तो चित्रपटभर बदलत जातो. चरित्र अभिनेत्याला आलेख सहसा मिळत नाही. त्याला पहिल्याच पावलावर अख्खं आयुष्य जगून आलेला माणूस म्हणून आत यावं लागतं.

शिवाय सेटवरची व्यवस्था त्याच्या सोयीची नसते. आधी सगळ्यांचा एकत्र शॉट, मग स्टारचे क्लोजअप, आणि प्रकाश उतरता उतरता चरित्र अभिनेत्याचे. स्टारच्या क्लोजअपच्या वेळी कॅमेऱ्यामागे उभं राहून त्याला क्यू द्यायचा, पुरी ताकद लावून, कारण समोरून नीट वाक्य आलं तरच स्टारचा चेहरा बोलेल. आपली पाळी येते तेव्हा स्टार बहुतेक व्हॅनमध्ये गेलेला असतो आणि सहाय्यक दिग्दर्शक कोऱ्या आवाजात त्याची वाक्यं वाचून दाखवतो. रडायचं असतं त्या कोऱ्या आवाजाकडे बघून. संकलनात लांबी कमी करायची वेळ आली की पहिली कात्री यांच्याच प्रसंगांवर. आपला भाग उडाल्याचं कित्येकांना थेट पडद्यावरच कळतं.

पैसा आणि तारखा

स्टार चित्रपटाचे पैसे घेतो, चरित्र अभिनेता दिवसांचे. समजा, शूटिंग साठ दिवस चालणार आहे आणि काकांच्या भूमिकेचे प्रसंग आठ दिवसांचे आहेत. हे आठ दिवस सलग नसतात. दोन या महिन्यात, तीन पुढच्या शेड्यूलला, बाकीचे नायकाला सवड होईल तेव्हा. घर चालवायचं तर एकाच वेळी बरेच चित्रपट हातात हवेत, आणि प्रत्येकाच्या तारखा दुसऱ्याच कुणाच्या तरी सोयीनं ठरणार. चार कलाकार एकत्र हवे असतील तर त्याला ‘कॉम्बिनेशन’ म्हणतात. कॉम्बिनेशन जुळेना झालं की सगळ्यात आधी बदलला जातो तो काका.

म्हणून या धंद्यात टिकलेल्यांच्या आठवणी ऐकल्या की अभिनयापेक्षा वेळापत्रकाच्या गोष्टीच जास्त निघतात. सकाळची शिफ्ट गोरेगावला फिल्मिस्तानात, दुपारची चेंबूरला आर. के.मध्ये, मधे टॅक्सीत मिशी काढायची. एका चित्रपटासाठी खरी दाढी वाढवली तर दुसऱ्या तीन चित्रपटांतले गुळगुळीत बाप हातचे जातात, त्यामुळे दाढी चिकटवलेलीच बरी. वेळेवर येणारा, पाठांतर पक्कं असलेला, जेवणावरून कटकट न करणारा नट प्रॉडक्शन मॅनेजरला प्रतिभावंतापेक्षा जवळचा. आणि ते चूकही नाही. त्या एका माणसामुळे शिफ्ट लांबली तर खर्च सगळ्या युनिटचा चढतो.

मराठीतल्या कित्येकांनी यावर आपला उपाय काढला होता: आधी नोकरी. अशोक सराफ स्टेट बँकेत होते. अच्युत पोतदार आधी सैन्यात, मग इंडियन ऑइलमध्ये होते आणि चाळिशी ओलांडल्यावर पडद्यावर आले. दुसरा आधार नाटकाचा. शनिवार-रविवार शिवाजी मंदिर, गडकरी, बालगंधर्व, तिथे ‘नाईट’चं पाकीट प्रयोग संपला की हातात. चित्रपटाचा चेक मात्र कधी येईल, आणि आला तर वटेल का, याचा नेम नसतो. मालिका आल्यावर पहिल्यांदाच महिन्याकाठी ठरावीक दिवस मिळू लागले. पण तिथेही उधारी तीन-तीन महिन्यांची, आणि महिन्याचे वीस-बावीस दिवस मालिकेनं खाल्ले की चित्रपटाला द्यायला तारीख उरत नाही.

आणि एकदा दिवसाचे पैसे मिळाले की विषय संपतो. चित्रपट पुढे वीस वर्षं टीव्हीवर चालो. अमेरिकेत १९६०मध्ये नटांच्या संघटनेनं संप केला आणि चित्रपट टीव्हीवर दाखवला की त्यातला वाटा मिळवला. त्यामुळे तिथल्या छोट्या नटाच्या घरी जुन्या कामाचे लहान लहान चेक येत राहतात. आपल्या कायद्यातही २०१२नंतर कलाकाराच्या रॉयल्टीचा उल्लेख आहे. पण करारावर सही करताना चरित्र अभिनेत्याला घासाघीस करायची ताकद किती असते, ते वर सांगितलेल्या काकांवरून लक्षात यावं.

पुरस्कारांचं थोडक्यात. फिल्मफेअरनं १९५५मध्येच सहाय्यक अभिनयाचे विभाग सुरू केले. पहिले मानकरी ‘बूट पॉलिश’चे डेव्हिड आणि ‘बादबान’च्या आपल्या उषाकिरण. राष्ट्रीय पुरस्कारांत हा विभाग यायला १९८४ साल उजाडावं लागलं. तेव्हा ‘घरे बाइरे’साठी व्हिक्टर बॅनर्जी आणि ‘पार्टी’साठी रोहिणी हट्टंगडी. ट्रॉफीनं दिवसाचा दर थोडा वाढतो. बायकांच्या बाबतीत कधीकधी वयही वाढतं: एक म्हातारी चांगली केली की पुढे म्हाताऱ्याच येतात.

वयाचा हा मामला पुरुष आणि बाई यांना सारखा लागू होत नाही. सुलोचनाबाई मराठीत नायिका म्हणून गाजत असताना ‘सुजाता’त (१९५९) नूतनला वाढवणारी आई झाल्या. नूतन त्यांच्याहून आठ वर्षांनी लहान. त्यानंतर हिंदीनं त्यांना आईच्या खुर्चीतून कधी उठूच दिलं नाही. राखी १९८२मध्ये ‘बेमिसाल’मध्ये अमिताभसमोर नायिका होती आणि त्याच वर्षी ‘शक्ती’त त्याची आई. ती त्याच्याहून पाच वर्षांनी लहान. अनुपम खेरनी तिशीच्या आत ‘सारांश’मधला निवृत्त हेडमास्तर केला, पण नंतर त्यांना हरतऱ्हेच्या, सगळ्या वयांच्या भूमिका मिळाल्या. पुरुषाच्या म्हातारपणाला मेकअप मानतात, बाईच्या म्हातारपणाला शिक्कामोर्तब.

उशिरा येणारे, उशिरापर्यंत राबणारे

या धंद्याची एक जमेची बाजू म्हणजे इथे दार उशिरापर्यंत उघडं असतं. हंगल सियालकोटचे. कराचीत शिवणकाम केलं, कम्युनिस्ट म्हणून तुरुंगात गेले, फाळणीनंतर मुंबईत आले आणि ‘इप्टा’ या नाट्यसंस्थेत नाटकं केली. ‘तीसरी कसम’मधून (१९६६) ते पडद्यावर आले तेव्हा पन्नाशी उलटलेली होती. नायकाला पन्नाशीत पदार्पण करता येत नाही.

पण दार ज्या सहजतेनं उघडतं त्याच सहजतेनं बंदही होतं. १९९३मध्ये हंगल पाकिस्तानच्या वकिलातीतल्या एका समारंभाला गेले म्हणून शिवसेनेनं त्यांच्यावर बहिष्काराची हाक दिली आणि त्यांची कामं काही काळ थांबली. नायकावर संकट आलं तर त्याच्यात अडकलेले कोटी त्याला वाचवायला धावतात. चरित्र अभिनेत्यात कुणाचे कोटी अडकलेले नसतात. त्याचा प्रसंग काढून टाकता येतो. २०११मध्ये उपचाराला पैसे नाहीत अशी बातमी आली तेव्हा सव्वादोनशेच्या घरात चित्रपट नावावर असलेल्या, पद्मभूषण मिळालेल्या या माणसासाठी लोकांना मदत गोळा करावी लागली. २०१२मध्ये ते गेले. त्याच वर्षी त्यांनी एका ॲनिमेशनपटाला आवाज दिला होता आणि एका मालिकेत लहानसं कामही केलं होतं.

अलीकडे भूमिका वाटण्याची पद्धत बदलली आहे. आता कास्टिंग डायरेक्टर असतो, ऑडिशन मोबाइलवर शूट करून पाठवता येते, आणि आठ भागांच्या वेब सीरिजमध्ये हवालदारालाही घरदार आणि भूतकाळ मिळतो. नवाजुद्दीन सिद्दिकी ‘सरफरोश’मध्ये (१९९९) पोलिसांच्या तावडीत सापडलेला एक फुटकळ गुन्हेगार होता, ‘मुन्नाभाई’त (२००३) पाकीटमार. ‘गँग्ज ऑफ वासेपूर’ (२०१२) येईपर्यंत तेरा वर्षं गेली. या वाटेनं मुख्य भूमिकेपर्यंत पोचणारे अजूनही बोटांवर मोजण्याइतकेच, पण पूर्वी वाटच नव्हती.

दुसरा बदल मीम्सचा. ‘थ्री इडियट्स’मध्ये (२००९) पोतदार प्राध्यापक होते, वैतागून नेमकं म्हणायचं काय आहे असं विचारणारे. तो चेहरा आज अशा पोरांच्या फोनमध्येही आहे ज्यांना पोतदारांचं नाव सांगता येणार नाही. दोन मिनिटांत ओळख पटवायची जुनी अट आता दोन सेकंदांवर आली आहे, आणि या जमान्याच्या कितीतरी आधी तयार झालेले हे नट त्या परीक्षेत आपोआप पास होतात.

साचा मात्र माणूस गेल्यावरही राहतो. गावाकडची एखादी मालिका किंवा चित्रपट ठरत असला की पाटलाच्या भूमिकेसाठी कुणीतरी म्हणतंच, ‘एक निळू फुले टाइप बघा ना.’ वाड्यावर बोलावणारी ती नक्कल गॅदरिंगमध्ये ज्यांनी केली त्यांतल्या निम्म्यांनी ‘सामना’ पाहिलेला नसतो. ज्याला ते पाटलाचं काम मिळतं त्याला पहिल्याच दिवशी दुसऱ्यानं चाळीस वर्षं साठवलेल्या भांडवलावर दुकान मांडता येतं. आवाज तेवढा खाली आणायचा आणि धोतर नीट नेसायचं.